वहीबाच्या नावाने

शुब्रा वस्तीतल्या एका गच्चीवर ऊन चांगलंच तापलं होतं आणि लिली कफनात आडवी होऊन मेल्याचं काम करत होती. मूकपटांत तिच्या वाट्याला असलंच काही यायचं. कुणाची मेलेली बायको, कुणाची बुडालेली बहीण. जाहिरातीत नाव नाही. आलं असतं तरी ते तिचं नव्हतंच, परदेशी दिग्दर्शक बेल्लोनीने ठेवलेलं.

आज त्याने बुलाकहून खरीखुरी रडणारी बाई आणली होती. ही उम्म शलबी पैसे घेऊन लोकांच्या मयतीत ऊर बडवायची, पण धंद्याची पक्की. कॅमेऱ्याचा दांडा फिरू लागला तरी ही ढिम्म.

"मेलेलीचं नाव काय?" तिने विचारलं.

आवाज कुठे ऐकू येणार आहे, नुसती छाती पीट, असं बेल्लोनीने हसत समजावलं.

"तुमचं यंत्र बहिरं असेल, ख्वाजा साहेब. नाव कळल्याशिवाय मला रडू फुटत नाही."

"वहीबा," कफनातून लिलीच म्हणाली.

ते तिचं खरं नाव. ती सिनेमात गेली तशी आईने तिला दारातून हाकललं, आणि त्या घरात हे नाव बंद झालं. आईने एकदा या नावाने हाक मारावी, एवढंच त्या पोरीला हवं होतं. उम्म शलबीने असा टाहो फोडला की बेल्लोनीचंही हसू मावळलं. वहीबा बिचारी डोळे मिटून ऐकत राहिली.

काम संपल्यावर तिला राहवेना. काळी मिलाया चादरीसारखी अंगभर लपेटून, तोंडावर बुरखा ओढून ती बुलाकला, आईच्या घरी निघाली. आईचा हात ओठांना लावायचा, मग तिने पुन्हा हाकललं तरी चालेल.

गल्लीच्या तोंडाशीच रडणं ऐकू आलं. ते तिच्याच घरातून येत होतं, आणि बायका वहीबाचं नाव घेत होत्या. उम्म शलबीने येऊन काहीतरी बरळलं असणार, अशी तिने मनाची समजूत घातली. दारातल्या शेजारणीला तिने विचारलं, कोण गेलं?

"उम्म हसनची थोरली. ऊन चढता चढता गेली." उम्म हसन म्हणजे तिची आई, आणि थोरली ती स्वतः.

आतल्या खोलीत मयताला आंघोळ घालायच्या फळीवर चादरीखाली कुणीतरी होतं. आई बाह्या सारून उभी होती. किती म्हातारी झाली होती ती! बुरख्यातल्या बाईकडे तिने धड पाहिलंही नाही.

"बरं झालं आलीस, बाई. तू पाणी घाल, केस मी धुते."

मी इथे आहे गं आई, एवढंच म्हणायचं होतं. तोच आई फळीवर वाकली.

"वहीबा, माझ्या राणी, किती गुंता करून ठेवलास गं."

मग वहीबाला बोलवेना. बोलली असती तर आई ते नाव घ्यायची थांबली असती.

चादरीखालचा चेहरा न बघता तिने तांब्या उचलला.

पाणी फळीवरच्या केसांवर पडलं.

बुरख्याच्या आत, तिच्या मानेवरून काहीतरी कोमट ओघळलं. मग आईची बोटं आली. हळूहळू, लहानपणी सोडवायची तसा तिच्या केसांतला गुंता सोडवू लागली.

आई तर समोर, फळीशी वाकलेली होती.

वहीबाने तांब्या पुन्हा भरला.