ओळखला की द्यायचा

यावर कोणी विश्वास ठेवणार नाही, आणि सावनेरच्या शालिकरामानं सांगितलं म्हटल्यावर तर नाहीच नाही. मी आजवर इतक्या थापा मारल्या, की माझ्या लग्नाची तारीख सांगितली तरी लोक आधी बायकोच्या तोंडाकडे बघून खात्री करायचे. आता बायको नाही. तेव्हा ऐकून घ्या.

परवा, कोजागिरीच्या आदल्या संध्याकाळी, नागपूरच्या आमच्या फ्लॅटमध्ये सतरंजीवर अठरा पोरी बसल्या होत्या. माझ्या पाठीमागे पाटावर मातीचे भुलाबाई-भुलोजी, म्हणजे आमच्या विदर्भातले पार्वती-शंकर. गाणी झाली होती. आता बंद डबा हलवायचा आणि आवाजावरून पोरींनी खाऊ ओळखायचा. सूनबाईनं, वैभवीनं, शिरा भरून डबा माझ्या मांडीवर ठेवला होता. स्टील धोतरातून गरम लागत होतं. पण ओळखायच्या आधी माझी गोष्ट, ही आमच्याकडची नवी प्रथा.

"फेक आता, शालिकराम," खालच्या मजल्यावरचे महादेवराव खुर्चीत सरसावत म्हणाले. "ऐकून राहिलो."

मी सुरू केलं.

माझ्या बायकोचं, जिजाबाईचं, वर्षश्राद्ध झालं आणि गेल्या साली तिच्यावाचूनची पहिली भुलाबाई बसली. दवाखान्यात ती एवढंच बोलली होती, "बाकी काही करा, पोरींची भुलाबाई मोडू देऊ नका." मी हो म्हटलं होतं. पण पहिल्या दिवशी पोरी आल्या चार. गाण्याच्या दोन ओळी यायच्या, पुढे नुसत्या टाळ्या. वैभवीनं डबा उचलला रे उचलला, की पोरी ओरडायच्या, "चिवडा!" रोजच चिवडा. तिसऱ्या दिवशी दोघीच उरल्या, त्यातली एक माझी नात भूमिका.

मग डबा मी हातात घेतला. लाडवांत कापडाचा बोळा कोंबला, की आवाज बंद. एक दिवस डब्यात एकच फुटाणा. पोरी हट्टाला पेटल्या. दाराबाहेर चपलांचा ढीग पडू लागला. दोघींच्या अकरा झाल्या.

गाणीही सुधारली. अडखळायच्या जागी कोणीतरी पुढची ओळ उचलायचं आणि बाकीच्या मागून ओढल्या जायच्या. मी भूमिकाला विचारलं, "एवढं कोणाले येते वं?" तिनं शेजारणीकडे बोट दाखवलं. तिनं तिसरीकडे. बोट साऱ्या सतरंजीभर फिरलं आणि भूमिकाकडेच परत आलं.

त्या कोजागिरीच्या आदल्या दिवशी पोरींनी मला धमकी दिली. "आज ओळखला तर उद्या आम्ही समोरच्या बिल्डिंगमध्ये जाऊ, आबा. तिथं केक देऊन राहिले."

तेव्हा मी नको ते केलं.

भुलाबाईपुढच्या डब्यात खायचीच वस्तू असावी, हा जिजाबाईचा नियम. आणि ओळखला की द्यायचा, हा दुसरा. माझ्या कपाटात एक कागदी पुडी होती. रामदासपेठेतल्या दवाखान्यात ऑपरेशनच्या आधी नर्सनं जिजाबाईच्या हातच्या हिरव्या बांगड्या उतरवून माझ्याकडे दिल्या होत्या. ऑपरेशनमधून जिजाबाई परत आलीच नाही. सवाष्ण गेली म्हणून बायकांनी धावपळ करून नव्या आणल्या, तिच्या गार हातांत भरल्या. तिच्या स्वतःच्या माझ्या सदऱ्याच्या खिशात होत्या. मी तेव्हा बोललोच नाही.

त्या मी डब्यात टाकल्या. हलवल्या.

"बत्तासे!" "खडीसाखर!" "शंकरपाळे, कडक झालेले!"

एकेक करून सगळ्या थकल्या. अकरा पोरींनी हात वर केले. "हरलो, आबा."

मी हसत झाकणाला हात घातला.

"माह्या बांगड्या," कोणीतरी माझ्या पाठीमागून म्हणालं.

माझ्या पाठीमागे पाट होता, आणि भिंत.

पोरी हसल्या नाहीत. अकराही जणी माझ्या खांद्यावरून पलीकडे बघत होत्या.

इथे मी थांबलो.

"मग?" महादेवरावांनी विचारलं. "दिल्या का गा?"

"द्याव्याच लागतात. नियम आहे ना," मी म्हणालो. "दुसऱ्या दिवशी सकाळीच अंबाझरी तलावाच्या पाण्यात सोडून आलो. तिची वस्तू तिले पोचली. तेव्हापासून कोणाचा आवाज नाही, काही नाही."

महादेवरावांनी हळूच मान डोलावली. चाळीस वर्षांत पहिल्यांदा त्या माणसानं माझ्यावर विश्वास ठेवला.

मांडीवरचा डबा गार पडला होता. इतक्या लवकर पडायला नको होता.

मी दोन्ही हात बाजूला घेतले.

डबा वाजला. खण.

शिरा वाजत नाही.

भूमिका माझ्या खांद्यावरून पाटाकडे बघत होती, ओळखीचं माणूस दारात दिसावं तशी.

"खोटं बोलून राहिले तुम्ही, आबा," ती म्हणाली. "दिल्या असत्या, तर आजी पुन्हा मागाले काहून आली असती?"