सादिकची जागा

केसरीनाथ खोटं बोलणाऱ्यांतला नव्हे. खोटं रचायला थोडं डोकं लागतं, आणि ते त्याच्याकडे कधीच नव्हतं. म्हणून हे खरंच घडलं असं मानावंच लागतं.

१९८९ चा मे. शुक्रवार, भर दुपार. भिवंडीत टेमघरचा एक लूमचा, म्हणजे यंत्रमागांचा कारखाना.

केसरीनाथ लग्नाच्या ऑर्केस्ट्रात गिटार वाजवायचा. वाजवायचा म्हणजे सहाही तारा बडवायचा. गावात रात्रंदिवस लूम खडखडतात, त्यात जे ऐकू येईल तीच कला, अशी या महाशयांची समजूत.

दुसऱ्या दिवशी मुंबईच्या एका हॉटेलात त्याची परीक्षा होती. जॅझ बँडमध्ये कायमची नोकरी. मिळाली तर वरातीमागे धावणं संपणार होतं. पण जॅझच्या कॉर्ड, सुरांच्या त्या जुळण्या, येत होत्या कुठे? म्हणून नाक मुरडत तो लतीफकडे आला.

लतीफ तिथला जॉबर, बिघडलेले लूम दुरुस्त करणारा. तरुणपणी हॉटेलांत गिटार वाजवलेली. शुक्रवारी लूम बंद, म्हणून शिकवणी त्याच दिवशी, हॉलमागच्या खोलीत.

"मधल्या तीनच तारा," लतीफ म्हणाला. "खालचा मूळ सूर सोड. वो बासवाले का है."

"इथं कुठं हाय बासवाला?"

"सादिक. माझा भाऊ. माझ्याबरोबर बास, ती जाड तारांची गिटार, वाजवायचा. सात साल हो गये उसको गुजरके. मी अजून त्याची जागा सोडतो."

केसरीनाथ फिदीफिदी हसला. "मेलेल्यासाठी सूर राखून ठेवता? येड लागलंय तुमाला, लतीफभाई!"

लतीफ टोपी घालून उठला. नमाजाला निघून गेला.

केसरीनाथने तीन तारा छेडल्या. अर्धपोटी, भिकारडी कॉर्ड.

आणि...

खालचा सूर आला.

लूमच्या हॉलमधून. जाड, संथ, अगदी बरोबर.

त्याने कॉर्ड बदलली. सूरही बदलला.

"कोन हाय रं?"



मग त्याने लतीफने न शिकवलेली कॉर्ड धरली. तार अजून छेडलीही नव्हती...

सूर आधीच आला.

हॉलमध्ये कोणी नव्हतं. वीज बंद. फक्त एका लूमवरचे ताणलेले धागे थरथरत होते.

शहाण्याने हात जोडले असते. या गाढवाला राग आला. मेलेला माणूस आपल्याला शिकवणार?

"माझा सूर मीच वाजवनार!"

त्याने सहाही तारा बडवल्या. खालच्या सुराची जाड तार सर्वांत जोरात. पुन्हा. पुन्हा.

धागे थांबले.

लतीफ परतला. गिटार घेऊन नेहमीच्या तीन तारा छेडल्या. थांबला. पुन्हा छेडल्या. मान वर करून ऐकत राहिला...

त्याचा चेहरा उतरत गेला.

"क्या किया तूने?"

शनिवारी हॉटेलात बासवाल्याने आपलं वाद्य तपासलं. ठणठणीत. केसरीनाथने कॉर्ड छेडली, बासवाल्याने बोट मारलं...

आवाजच नाही.

तार हलत होती. स्पीकर चालू होता. केसरीनाथ थांबला की बास वाजे, त्याने सुरू केलं की मुका. चार वेळा हेच झालं. बँडमास्तरने त्याला दार दाखवलं.

घरी येऊन त्याने स्वतःच्या गिटारची तीच जाड तार ओढली. ती नुसतीच थरथरली.

सोमवारी तो लतीफच्या दारात. घमेंड पार उतरलेली.

"चुकलो, लतीफभाई. सादिकभाईंना सांगा ना, माफ करा म्हनून."

"मी कसं सांगू?" लतीफचा आवाज फुटला. "दर जुम्म्याला यायचा तो. सात वर्षं. तूने भगा दिया. आता मी कुणाबरोबर वाजवू, बोल?"

केसरीनाथने मान खाली घातली. आयुष्यात पहिल्यांदाच.

गिटार त्याने विकली. ऑर्केस्ट्राही सुटला. तरी लोक त्याला टाळतात, आणि ते फक्त त्याच्या तोंडाळपणामुळे नव्हे. त्याच्या शेजारी बसून बोलायला लागलं की आपल्याच आवाजातला खालचा सूर गळत जातो, आवाज हळूहळू पातळ होतो... मग माणूस काहीतरी काम सांगून उठतो.