हॅम्बुर्गची बॅग

मंदार, तो मोबाइल उलटा ठेव बघू. आणि किमया, तुला भीती वाटणार असेल तर आत्ताच समुद्राकडे एक चक्कर मारून ये, मधेच उठायचं नाही. तुम्ही सगळे असं धरून चालता की भुतं म्हणजे कोकणात, चिंचेखाली. अरे, सिंगापुरात ईस्ट कोस्टला चटई टाकून सातेच्या काड्यांवरचं मटण चघळत बसलोय म्हणून भुतांना काही इकडे यायची बंदी आहे का? त्यांना काय एम्प्लॉयमेंट पास लागतो?

मी आयुष्य इंजिनरूममध्ये काढलेला माणूस. गेजवर दिसेल तेच खरं. पण जिच्यावर हे बेतलं ती बाई माझ्यासमोर बसून, चहा गार होऊ देऊन बोलली आहे. नावं बदलतो. बाकी एक अक्षर इकडचं तिकडे करत नाही.

तर निशिकांत. माझ्याच हाताखाली शिकला, आता सुपरिंटेंडंट आहे. म्हणजे कंपनीचं जहाज कुठे दुरुस्तीला गोदीत लागलं की हा तिकडे जाऊन उभा. बायको उल्का, चांगी बिझनेस पार्कात एका बँकेत आयटीचं काम करते. मुलगी इरा, सात वर्षांची. घर सेम्बावांगला.

गेल्या वर्षीची पंधरा फेब्रुवारी, शनिवार. दुसऱ्या दिवशी संकष्टी होती आणि उल्काला मोदकपात्र हवं होतं. काम एवढंच.

मोदकपात्र बॉम्ब शेल्टरमध्ये होतं. हसू नका, तुमच्याही घरी तेच आहे. इथल्या नव्या फ्लॅटांत जाड काँक्रीटची एक खोली असते, पोलादी दाराची. बॉम्ब पडले तर घरातल्यांनी आत जाऊन बसायचं. बॉम्ब काही पडत नाहीत, म्हणून आपण तिथे गणपतीचं मखर ठेवतो. भिंतीत वर हवेला गोल भोक असतं आणि त्याला लोखंडी झाकण. ते उघडं ठेवा म्हणून सांगितलेलं असतं. पण उल्काच्या आईनं सांगलीहून वर्षाचं वाळवण पाठवलेलं. इथल्या दमट हवेत पापड मऊ पडतात. उल्कानं झाकण पान्यानं घट्ट आवळून टाकलं होतं. आपल्याकडे पापडापुढे नियम कोण बघतो.

संध्याकाळी सगळ्या बेटावर भोंगा झाला. दर वर्षी त्या तारखेला होतो, लढाईत सिंगापूर जपान्यांच्या हाती पडलं त्याची आठवण म्हणून. उल्का दचकली तशी इरा इथल्या पोरांच्या इंग्रजीत म्हणाली, "चिल लाह, मम्मा. टोटल डिफेन्स डे." भोंगा थांबला. उल्का हात पुसत शेल्टरकडे गेली, दार उघडलं, तर पायाशीच बॅग.

आता त्या बॅगेचं सांगतो. दिवाळीच्या आधी निशिकांत दोन महिने हॅम्बुर्गला होता. येताना जुन्या बाजारातून एक बॅग घेऊन आला. बायका प्रवासाला नेत असत तशी, लहान, तपकिरी, एक कोपरा जळून काळा झालेला. त्याला जुन्या वस्तूंचं वेड. विकणाऱ्या म्हाताऱ्यानं त्याला सांगितलं होतं, लढाईत आमच्याकडे घराघरात अशी बॅग दाराशी भरून ठेवलेली असायची. कागदपत्रं, पोरांचे कपडे, पाव. रात्री विमानं आली, भोंगा झाला की बॅग उचलायची आणि तळघरात पळायचं. दार वाजवणाऱ्याला कुणी परत पाठवायचं नाही, सरकून जागा करायची. आणि एका जुलैत इतके बॉम्ब पडले की रस्तेच्या रस्ते पेटले. तळघरात बसलेली माणसं भाजली नाहीत, पण वरच्या आगीनं हवाच ओढून घेतली. बसल्या जागी गेली. पोरं मांडीवर घेऊन.

निशिकांत हे सांगत होता तेव्हा उल्काचं अर्धं लक्ष दुसरीकडेच होतं. हॅम्बुर्गहून तो व्हिडिओ कॉल करायचा, तेव्हा एकदा मागे एक बाई हसली होती. तो म्हणाला, ती लॉजची मालकीण, नाश्ता देते. संपलं. पण संशयाला औषध नाही रे. ते हसणं उल्काच्या कानात बसलं ते बसलंच. ही मुलगी मुळात तशी. नवरा कुणाच्या स्वयंपाकाला चांगलं म्हणाला तरी हिच्या अंगाचा तिळपापड. त्यात हा बायकी बॅग घेऊन घरात शिरला. ती म्हणाली होती, "बॅग नाही, सवत आणलीयेस." आणि ती बॅग रिकामी, मखराच्या मागे कोंबून टाकली होती.

तीच आता दाराशी. आणि जड.

उल्कानं उघडली. आत निशिकांतचे दोन शर्ट, इस्त्रीची घडी न मोडता ठेवलेले. त्याचं दाढीचं सामान. त्याचा पासपोर्ट. इराचा पासपोर्ट. इराचा स्वेटर, दोन फ्रॉक, तिचा सशाचा बाहुला. फडक्यात गुंडाळलेला पाव. सगळं इतकं नीट भरलेलं की बोट घालायला जागा नाही. उल्कानं तळापर्यंत हात घालून पाहिलं. तिचं स्वतःचं काहीही नव्हतं. साधा रुमालसुद्धा नाही.

मोदकपात्र तिथेच राहिलं. ती बॅग घेऊन हॉलमध्ये आली आणि निशिकांतच्या मांडीवर आदळली.

"कधी निघतोयस?"

"कुठे?"

"तिच्याकडे. निदान पोरीला तरी विचारलंस का?"

तो आत डोकावला. म्हणाला, "उल्का, मी या बॅगेला हातसुद्धा लावलेला नाही."

"मग काय ती आपोआप भरली? इराचा ससा कुठे असतो तेही बॅगेला माहीत?"

"देवाशपथ मी भरली नाही."

"देवाला मधे घालू नकोस. उद्या संकष्टी आहे."

असं बराच वेळ चाललं. ती मला म्हणाली, काका, तो एखाद्या बाईबरोबर गेला असता तर मी रडले असते, भांडले असते, जगले असते. पण कुणीतरी माझ्या घरात येऊन माझा नवरा आणि माझी मुलगी निवडून घेतली, आणि मला गाळलं. याचा जाळ वेगळा असतो.

शेवटी निशिकांत चिडून हॉलमध्ये सोफ्यावर झोपला. उल्कानं पासपोर्ट काढून आपल्या उशीखाली घेतले, बॅग शेल्टरमध्ये फेकली, दार धाडकन लावलं आणि इराला कुशीत घेऊन पडली. पोरीचा हात घट्ट धरून. आता ने म्हणावं कुणाला न्यायचंय ते.

मध्यरात्र उलटून गेली होती. तिला जाग आली ती उकाड्यानं. एसी चालू होता, तरी उकडत होतं. हात चाचपला.

इरा नव्हती.

उशीखाली हात घातला. पासपोर्ट नव्हते.

ती हॉलमध्ये आली. सोफ्यावर पांघरूण नीट घडी करून ठेवलेलं... निशिकांत घडी कधी करत नाही. बाहेरच्या दाराला आतून कडी. चपला जागच्या जागी.

म्हणजे घरातच.

शेल्टरच्या दाराशी आली. बंद. तिनं हँडल धरलं आणि हात मागे घेतला. पोलाद गरम होतं. तव्याजवळ हात नेल्यावर लागते तशी धग.

आतून आवाज येत होता. बाईचा. हलका... सावकाश... रडणाऱ्या पोराला समजावताना बोलतात तसा. भाषा कळत नव्हती. बोलणं मात्र कळत होतं. आईचं होतं.

उल्कानं ओढणी हाताला गुंडाळली. हँडल खेचलं. हलेना. दोन्ही हातांनी. हलेना. "निशी... इरा..." कुणी ओ देईना. मग तिला भिंतीतलं ते झाकण आठवलं. आपणच आवळलेलं. आतून. पान्यानं.

आत हवा नव्हती, पोरांनो.

तिनं दारावर लाथा घातल्या. बुक्क्या घातल्या. ओरडली, "सोड त्यांना. माझा नवरा आहे तो. माझी मुलगी आहे. तुझी माणसं नाहीत ती." आतला आवाज थांबला. एवढंच झालं. आणि दार आणखी तापलं. जितकी ती "माझे माझे" म्हणाली, तितकं तापत गेलं. दाराचा रंग फुगायला लागला. खालच्या फटीतून जळक्या लाकडाचा वास...

मग आतून इरा खोकली. एकदा. बारीक.

तेव्हा उल्काला कळलं, भांडून हे दार उघडणार नाही. आत जी बसली आहे तिच्यासाठी बाहेर शहर जळतंय. ती काही चोरून नेत नाहीये, वाचवतेय. आणि बाहेर जी ओरडतेय तिला ती आगीत राहू देतेय. तिच्या लेखी बायको तीच, आई तीच. उल्का कुणीच नाही.

तो म्हातारा काय म्हणाला होता? दार वाजवणाऱ्याला परत पाठवायचं नाही.

ती मला म्हणाली, काका, आयुष्यात मला काहीही इतकं जड गेलं नाही. माझ्याच घरात, माझ्याच दाराशी, तिच्यापुढे परकी व्हायचं. जीभ रेटत नव्हती. पण इरा पुन्हा खोकली... या वेळी अजून बारीक.

उल्का गुडघ्यांवर बसली. बुक्क्या थांबवल्या. बोटाच्या पेरानं दार हलकेच वाजवलं. शेजारणीचं दार वाजवतात तसं.

"बाई..."

पुन्हा वाजवलं, तितकंच हलकेच.

"बाई, मी एकटीच आहे. बाहेर सगळं जळतंय. आत जागा आहे का?"

तिनं आवाज आणखी खाली आणला.

"कोपऱ्यात बसेन. तुमच्या माणसांना हात लावणार नाही. मला घ्या ना आत."

तुमच्या माणसांना. हे म्हणाली ती. स्वतःच्या तोंडानं.

मग हँडल फिरलं. तिनं हात लावलेला नव्हता. आतून फिरलं.

आत काळोख. भट्टीचं तोंड उघडावं तशी धग तोंडावर आली. आणि त्या काळोखात... कुणीतरी सरकलं. कपडे घासल्याचा आवाज आला. तिच्यासाठी जागा करून दिली.

उल्का त्या जागेत पाय ठेवून आत गेली. अंगाला अंग लागलं. तिनं तिकडे बघितलं नाही. अंधारात चाचपून इराचा दंड सापडला, निशिकांतची कॉलर सापडली. ओढलं. एकदा, दोनदा. निशिकांत उंबऱ्यावर येऊन पडला आणि मोठ्यानं श्वास घेऊ लागला. इरा तिच्या खांद्यावर. मागून कुणी आलं नाही. कुणी अडवलं नाही. फक्त दार हळूच लागलं. आतून.

निशिकांतला बोलता येईपर्यंत वेळ गेला. मग तो म्हणाला, "काय झालं काय? तूच तर उठवलंस मला. म्हणालीस, भोंगा झाला, इराला घेऊन आत चल."

"माझ्या आवाजात?"

"तुझाच आवाज होता."

"आणि तू गेलास तिच्याबरोबर."

पोरांनो, मरणाच्या दारातून आलेल्या नवऱ्याला ती हे विचारत होती. मी म्हटलं ना, मुलगी मुळातच तशी.

उजाडल्यावर दार सरळ उघडलं. आत मखर, मोदकपात्र, पापड, सगळं गार. बॅग होती, पासपोर्ट तिच्यातच; ते तेवढे काढून घेतले. निशिकांतनं चिमट्यात उंदीर धरावा तशी ती धरली आणि खाली कचऱ्याच्या मोठ्या डब्यात टाकून आला. उल्कानं पान्यानं ते झाकण सैल केलं. मग इराला उठवायला गेली.

खोलीचा पडदा सरकवला आणि तिथेच उभी राहिली.

इराच्या दोन वेण्या घातलेल्या होत्या. बारीक, घट्ट, कानामागून वर घेऊन डोक्याभोवती फिरवून खोचलेल्या. एक बट सुटलेली नाही.

"इरा... ही वेणी कुणी घातली?"

इरानं डोळे न उघडता दोन्ही हात डोक्यावर ठेवले. "डोन्ट ओपन लाह, मम्मा. शी टेक सो लाँग."

किमया, इराचे केस मानेपर्यंत कापलेले. शाळेत रबर लावला तर दुपारपर्यंत गळून पडतो. त्या केसांची वेणी डोक्याभोवती फिरतच नाही. उल्का तिला मांडीवर घेऊन सोडायला बसली. काळे केस वीतभर गेले आणि संपले. तिथून पुढे दुसरे केस गुंफलेले होते, गंगावन घालतात तसे. पिवळसर, सोनेरी. पोरीचे कमी पडले म्हणून कुणीतरी आपले घातले होते.

"काका, खरं सांगू?" ती म्हणाली. "मला त्या वेळी भीती नाही वाटली. पोटात जळलं. इतकी सुबक वेणी मला तिची एकदाही घालता आली नाही."

ते केस तिनं मला दाखवले. कागदात होते. टोकाशी करपलेले.