रिकाम्या हातानं येऊ नकोस

रुद्राणीची आणि त्याची पहिली भेट झाली नांदेडच्या एका रेल्वेपुलाखाली, आणि तीसुद्धा भांडणानं. प्रेमाला जागा तरी किती बऱ्या-बऱ्या असतात! नदीचा घाट असतो, देवळाच्या पायऱ्या असतात... या दोघांच्या नशिबात आली ती पुलाखालची राख, फाटकी पोती आणि वापरून टाकलेल्या सुया.

चैत्रातलं ऊन होतं. रुद्राणी नर्स. नशेचं इंजेक्शन घेणाऱ्यांसाठी काम करणाऱ्या एका छोट्या संस्थेत ती नुकतीच लागली होती. काम सांगायला सोपं होतं. वापरलेली सुई घ्यायची, कोरी सुई द्यायची, म्हणजे एकाच्या रक्तातला आजार दुसऱ्याच्या रक्तात जात नाही. पण हे समजावून सांगायला गेलं की लोक तोंड वाकडं करायचे, 'नशेबाजांना सुया वाटता होय?' त्यामुळे उदगीरला आडत दुकानाच्या गादीवर बसणाऱ्या आपल्या बाबांना तिनं नुसतं 'दवाखान्यात लागले' एवढंच सांगितलं होतं.

तर त्या दिवशी ती हातमोजे घालून एक सुई उचलायला वाकली, आणि मागून आवाज आला.

"ओ मॅडम! हातानं उचलून राहिल्या का? चिमटा न्हाई दिला तुमच्या हापिसानं?"

"आहे की. पिशवीत आहे."

"पिशवीत ठिवून काय त्याचं लोणचं घालायचं हाय का?"

रुद्राणीनं रागानं वळून पाहिलं. सडपातळ पोरगा, नीट विंचरलेले केस, हसरे डोळे... आणि एवढ्या रणरणत्या उन्हात मनगटापर्यंत लांब बाह्यांचा शर्ट. त्या बाह्यांनी सगळं सांगून टाकलं. तिचा राग तिथल्या तिथं विरघळला.

"बोलण्यावरून आमच्याच बाजूचे दिसता," ती म्हणाली.

"जळकोटचा. रेवणसिद्ध."

नाव ऐकून तिची नजर आपसूक त्याच्या गळ्याकडे गेली. दोघंही लिंगायत. तिच्या घरी सगळ्यांच्या गळ्यात शिवदारा आणि त्यात इष्टलिंग असायचं. आंघोळ झाली की डाव्या तळहातावर लिंग घेऊन पूजा करायची, मगच घास. याचा गळा मोकळा होता.

त्याला तिची नजर कळली. हसू मावळलं. "काढून ठिवलंय," तो हळूच म्हणाला. "ज्या हातावर देव घेऊन बसायचं, त्याच हातात रोज... नको वाटलं."

तिनं पिशवीतून मुकाट्यानं चिमटा काढला.

मग तो सुया बदलून घ्यायला संस्थेच्या खिडकीवर येऊ लागला. एका रसवंतीवर कामाला होता. अंगाला उसाचा, लिंबाचा वास यायचा. बारावीनंतर डॉक्टर व्हायला म्हणून घरच्यांनी लातूरला क्लासला ठेवलं होतं. दोनदा परीक्षेत नापास झाला. तिथंच एका खोलीतल्या सोबत्यानं त्याला झोप येण्याचा उपाय म्हणून इंजेक्शन दाखवलं. मग लातूर सुटलं, घर सुटलं. सुई काही सुटली नाही.

"आणल्या का?" ती खिडकीतून विचारायची.

"आणल्या ना. तुमच्यासाठी गजरा आणला असता, पण तुमच्या हापिसात सुयाच चालतात." आणि तो प्लास्टिकची बरणी पुढे करायचा.

एकदा तो नुसताच आला. कोपरं टेकून खिडकीशी उभा राहिला. रुद्राणीला हसू आवरेना, पण तिनं उसना रुबाब आणला. "हे बघ, रिकाम्या हातानं यायचं नाही. आलास तर ओळख देणार नाही."

"खरंच न्हाई देणार?"

"खरंच नाही!"

गंमत होती हो. तिच्या ध्यानीमनी काही नव्हतं. रिकाम्या हातानं आलेल्यालाही संस्थेत कुणी परत पाठवत नसे. पण तो मान डोलवून गेला, आणि पुन्हा कधीही बरणीशिवाय आला नाही.

उन्हाळ्यातच त्याची एचआयव्हीची रक्ततपासणी झाली. किटवर एकच रेघ. आजार नाही. तेव्हा त्यानं ते अंगठ्याएवढं किट दोन बोटांत धरून डोळ्यांसमोर नेलं. "आयुष्यात पास झालो ती ही एकच परीक्षा," तो म्हणाला. "सिस्टर, माझ्याकडं दुसरं काहीच न्हाई बघा. पण दुसऱ्याची सुई मी कधी घेतली न्हाई. रक्त साफ हाय माझं." रुद्राणी त्या वेळी त्याच्या प्रेमात पडली. शिवकांताताईंनाही ते दिसलं. संस्थेचा कारभार त्या बघायच्या, आणि त्यांची नजर फार तेज.

"पोरी, खिडकीच्या अलीकडं आपण, पलीकडं ते," त्या एवढंच म्हणाल्या. "मधली जाळी उगाच लावलेली न्हाई."

पण जाळीतून बोलणं थोडंच अडतं! एका संध्याकाळी रुद्राणीनंच धीर केला. "रेवण... तू सुई सोडलीस ना, तर मी बाबांशी बोलेन."

"कशाबद्दल?"

"बैलजोडीबद्दल! तुला कळत नाही का?"

त्याचे कान लाल झाले. तो बरणी तिथंच विसरून निघाला, परत आला, बरणी दिली, आणि आता कोऱ्या सुया न्यायच्या विसरला. ती कितीतरी वेळ एकटीच हसत होती.

भाद्रपदातल्या एका भिजऱ्या दुपारी तो आला तेव्हा त्याच्या बोटाला चिंधी होती. चिंधीतून पाणी ठिबकत होतं.

"काय झालं?"

"काही न्हाई. रसवंतीचा पत्रा लागला."

तिनं त्याला आत बोलावलं. जाळी नाही, मधे काही नाही. चिंधी सोडली, बोट धुतलं, औषध लावलं. बाहेर पावसानं पत्रे वाजत होते. तो तिच्याकडे बघत होता, आणि ती... तीही त्याच्याच डोळ्यांकडे बघत होती. पट्टी बांधून झाली तरी तिनं बोट सोडलं नाही.

"लई दुखून राहिलंय," तो म्हणाला.

"खोटारडा!"

"हाव," तो हसला. "थोडा हाय खोटा."

आयुष्यात याहून सुखाची दुपार येणार नाही असं तिला वाटलं होतं. ते खरंच ठरलं.

दिवाळी झाली आणि त्याची पुन्हा तपासणीची वेळ आली. सकाळीच आला, चेहऱ्यावर काहीतरी लपवल्याचा आनंद. किटसाठी बोटातून थेंब घेतला, आणि मोठ्या दवाखान्याच्या तपासण्यांसाठी नळीत रक्त काढायचं म्हणून रुद्राणीनं त्याची बाही वर सारली. आणि ती थांबलीच.

दंडावर, कोपरापाशी, एकही ताजी खूण नव्हती. जुने डाग फिकट झाले होते. शीर पुन्हा वर आली होती. तिनं मान वर केली. शर्टाच्या गळ्यातून शिवदारा डोकावत होता.

"रेवण!"

"श्रावणात सोडली," तो म्हणाला. "सरकारी दवाखान्यात नशेची तलफ मारायला जिभेखालची गोळी देतात, रोज जातो. याच्या आधी दोनदा सोडून घसरलो होतो ना... म्हणून म्हणलं, आधी टिकू दे. आज रक्ताचा निकाल हातात घ्यायचा, आन् मग सांगायचं. पूजा पण करतो आता. हातावर घेऊन."

तिला रडू फुटलं, हसू फुटलं. सगळं एकदम. टेबलावरच्या किटमध्ये थेंब हळूहळू पुढे सरकत होता. आणि त्या आनंदातच तिच्या मनात एक शंका आली.

"मग... श्रावणापासून तू दर वेळी बरणी भरून सुया आणत होतास, त्या कुणाच्या?"

त्यानं बाही खाली ओढली.

"कुणाच्या, रेवण?"

"पुलाखालच्या. वेचायचो. रिकाम्या हातानं आलं तर तुम्ही ओळख देणार नव्हता ना."

"वेचायचास? कशानं?"

"हातानं."

"मला चिमट्याचं शिकवणारा तू!"

"चिमटा तुमच्याकडं होता," तो म्हणाला. "मागितला असता तर कळलं असतं तुम्हाला."

रुद्राणीला ती भाद्रपदातली दुपार आठवली. ते बोट आठवलं. पत्र्यानं कापलं तर चीर पडते. त्या बोटावर नुसता एक ठिपका होता. ती नर्स होती, नजर टाकताच तिला कळायला हवं होतं, पण तिनं जखमेकडे पाहिलंच कुठं होतं!

"तो पत्रा नव्हता," ती म्हणाली.

"न्हाई."

"अरे, तेव्हा बोलला असतास... टोचल्यावर तीन दिवसांच्या आत गोळ्या सुरू केल्या तर आजार बहुतेक लागतच नाही. त्याच दिवशी तू माझ्यासमोर बसला होतास. तुझं बोट माझ्या हातात होतं, रेवण!"

तो उत्तर देणार होता. पण त्याची नजर टेबलाकडे गेली, आणि तिथंच राहिली. तिनंही पाहिलं. रेघा दोन होत्या.

मोठ्या दवाखान्यात फेरतपासणी झाली. तिथंही तेच आलं. दवाखान्याच्या आवारातल्या कडुलिंबाखाली दोघं उभे होते. रुद्राणी बोलत होती, बोलतच होती. "रोज गोळ्या घेतल्या की माणूस म्हातारा होईपर्यंत जगतो. लोक लग्नं करतात. निरोगी लेकरं होतात. सगळं होतं, रेवण..."

"हे तुम्ही खिडकीवर सगळ्यांना सांगता," तो म्हणाला. "तसंच मला सांगून राहिल्या."

"मी तुझ्याशी लग्न करणार आहे. हेही सगळ्यांना सांगते का मी?"

तो तिच्याकडे बघत राहिला. मग स्वतःच्या डाव्या तळहाताकडे. "नशेत होतो तेव्हा रक्त साफ होतं," तो म्हणाला. "सोडली, आन् नासलं. देवाला तरी काय म्हणावं?"

"उद्या ये," ती म्हणाली. "रिकाम्या हातानं ये. फक्त ये."

तो आला नाही. दुसऱ्या दिवशी नाही, त्या आठवड्यात नाही. तो कुठं गेला ते रसवंतीच्या मालकाला ठाऊक नव्हतं, जिभेखालच्या गोळीलाही तो जात नव्हता, आजाराच्या गोळ्या तर त्यानं सुरूच केल्या नव्हत्या. रुद्राणी रोज पुलाखाली जायची. चिमट्यानं एक-एक सुई उचलताना तिला वाटायचं, ही त्यानं वेचली असती. माझ्यासाठी. उदगीरहून बाबांचा फोन आला, एक स्थळ बघितलंय म्हणाले. ती 'नको' एवढंच म्हणाली. आपल्याच थट्टेनं आपलं माणूस आजारी पडलं, हे बाबांना कुठल्या तोंडानं सांगणार?

मग थंडीतल्या एका दुपारी खिडकीशी सावली पडली. लांब बाह्या. गळा मोकळा. त्यानं बरणी आणली नव्हती. जाळीखालच्या ताटलीत त्यानं एकच सुई ठेवली.

"आजची खरी हाय," तो म्हणाला. त्याला मान वर करवत नव्हती. "माझीच हाय."

खिडकीचा नियम सगळ्यांना सारखा. रागवायचं नाही, कारण विचारायचं नाही, तोंड वाकडं करायचं नाही. रुद्राणीनं चिमट्यानं सुई उचलली आणि डब्यात टाकली. कोऱ्या सुयांचं पाकीट काढलं. आता ते त्याला द्यायलाच हवं होतं, त्याच्यासाठी आणि त्याच्या शेजारी पुलाखाली बसणाऱ्या प्रत्येकासाठी. याच हातानं त्याला सुई सोडायला लावायचं स्वप्न तिनं पाहिलं होतं. तिला समोरचं नीट दिसत नव्हतं.

तिनं पाकीट जाळीखालून सरकवलं. त्यानं ते धरलं, पण तिनं सोडलं नाही. पाकिटाखाली त्याची थंडगार बोटं तिच्या हाताला लागत होती.

"उद्या ये," ती म्हणाली. "सुई घेऊन ये, नाहीतर रिकामा ये. घसरून ये, पडून ये... कसाही ये, रेवण. मी ओळख देईन."

त्यानं हात लगेच ओढून घेतला नाही. मग मागं रांगेत कुणीतरी खाकरलं, तेव्हा पाकीट घेऊन तो पुलाच्या दिशेनं निघून गेला. रुद्राणीनं डोळे पुसले आणि पुढच्या माणसाला विचारलं, "आणल्या का?"