ऊनशाळेतला रिता कलश

भगवंतशास्त्र्यांच्या दुर्गीला हळद लागली आणि लग्न राहिलं, ते साल शके अठराशे एकोणतीस. धारच्या जुन्या घरांतून अजून तसंच साल सांगतात: हे दुर्गीच्या हळदीच्या आधीचं, ते नंतरचं.

वैशाखातली सकाळ. फौजदार कृष्णराव राखुंडीने दात घासत होते, तोच शास्त्र्यांच्या यमुनाबाई स्वतः दारात. पदर सुटलेला.

"कृष्णराव भिया, चला लवकर. कलश रिता झाला. सूर्य माथ्यावर येईस्तोवर कलशातलं ऊन सापडलं नाही, तर यांचं काही खरं नाही."

कृष्णरावांना जास्त सांगायला नको होतं. तळ्याकाठच्या त्या शाळेत ऊन धरायला शिकवत, म्हणून लोक तिला ऊनशाळाच म्हणत. कुक्षीपासून सोनकच्छपर्यंतची मुलं गच्चीवर तांब्याची भांडी मांडून, सूर्यावर नजर रोखून बसत. नजर ढळली की ऊन निसटे. धरलेल्या उन्हात ती घटका अडकून राहते. ते ऊन प्यालं की घटका अंगात परत येते. शास्त्रीबुवांचं स्वतःचं आयुष्य केव्हाच सरलं होतं. रोज उगवतीला दुर्गी त्यांना हाताला धरून कोठीत नेई. कलशातलं ओंजळभर ऊन ते पीत आणि तेवढ्यावर पुढचा दिवस काढत.

लहानपणी कृष्णरावही त्या गच्चीवर बसले होते. त्यांच्या भांड्यात ऊन ठरलं नाही. त्यांच्याच गल्लीतल्या शरच्चंद्राच्या भांड्यात ठरलं. तो शाळेचा थोरला शिष्य झाला, हे फौजदार झाले. डगला चढवण्याआधी कृष्णरावांनी बेड्या घेतल्या. कोणाला घालायच्या, तेही मनात ठरून गेलं होतं.

मांडवात सनई बंद होती. दुर्गी खांबाशी बसली होती. अठरावं लागलं तरी बापाने तिचं लग्न लांबवलेलं. घरजावईच हवा म्हणून हट्ट. गाव नावं ठेवून थकलं. अंगावर हळदीचं लुगडं होतं, पण सायीसारखं फिकट. शास्त्रीबुवांनी हळदीतही हात आखडला, असं कृष्णरावांच्या मनात येऊन गेलं.

कोठीला खिडकी नव्हती, उंचावर एक झरोका तेवढा. कलश जागच्या जागी. झाकण बाजूला ठेवलेलं. त्यावर ना चेप, ना ओरखडा.

शास्त्रीबुवा बाजेवर पडले होते. सूर्याकडे बघून बघून डोळे कधीचे विझलेले.

"रोज दुर्गी नेते. आज ती हळदीची, म्हणून मी नेलं," यमुनाबाई म्हणाल्या. "बघते तो रिता!"

"बुवा, कलश कोणाच्या हाताला उघडतो?"

"ज्याने भरला, त्याच्याच."

"म्हणजे तुमच्या?"

म्हाताऱ्याने कूस बदलली. मग म्हणाला, "दुसरं काही विचार, कृष्णा."

कृष्णरावांनी शरच्चंद्राला ओसरीवर बसवलं.

"आज लग्न लागलं की कलश आणि गादी जावयाला. तुला काय?"

"काही नाही."

"झोंबलं?"

"तुला फौजदारी मिळाली, तरी तुझी जळजळ गेली का रे? मग माझी कशी जाईल?"

मागे शिपाई खोकला. हसू दाबत असावा.

"पहाटे कुठे होतास?"

"गच्चीवर. तारे होते अजून. एकदम झरोक्यातून ऊन बाहेर पडलं. चिंचेच्या सावल्या भिंतीवर पडल्या."

"आणि ओरडला नाहीस?"

"वाटलं, गुरुजी जावयाला आधीच देतायत. डोक्यावरून पांघरूण ओढून घेतलं. बघवलं नाही मला."

कृष्णरावांनी बेड्या काढल्या होत्या, त्या परत ठेवल्या. पांघरूण ओढून घेणं म्हणजे काय, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक? माणूस खरं बोलत होता आणि त्याचाच त्यांना राग आला.

नवरदेव श्रीपाद देवासचा. जानवसघरात तो जर्द पिवळ्या पंच्यात बसला होता.

"साहेब, दुपारी जो कलश माझाच होणार, तो पहाटे मी का उघडू? एवढी सबर नाही का मला? अन् हळद लागल्यापासून उंबऱ्याबाहेर पाय नाही टाकला. पूछ लो किसी से भी."

"हळद चांगली चढली आहे."

"आमच्याच घरची," मागून यमुनाबाई म्हणाल्या. "जावयांना लावून उरली, तीच उष्टी हळद दुर्गीला लावली. एकाच वाटीतली."

कृष्णराव जागीच थांबले.

थोड्या वेळाने त्यांनी सगळ्यांना मांडवात बोलावलं. शास्त्रीबुवांची बाजही आणवली.

"हळदीचा डाग धुऊन जात नाही, उन्हाने उडतो. बायकांना हे सांगायला नको. एकाच वाटीतली हळद, मग नवऱ्याचा पंचा जर्द आणि नवरीचं लुगडं पांढरं कसं? हळद लागल्यावर दोघंही बाहेर पडली नाहीत. दुर्गीला पहाटे ऊन लागलं, ते कोठीतलं."

"अहो, पण कलश यांच्याच हाताला उघडतो!" यमुनाबाई ओरडल्या.

"भरणाऱ्याच्या हाताला. सूर्यावर नजर रोखल्याशिवाय ऊन धरता येत नाही. डोळे विझल्यावर बुवांनी कलश भरला कसा? रोज कोठीत कोणाला नेलं? मुलीचं लग्न का लांबवलं? घरजावईच का हवा? ती सासरी गेली असती, तर भरलं असतं कोणी?"

दुर्गी उठली.

"मीच उघडला. काल बाबा देवासकरांना सांगत होते, 'हे सगळं मी धरलेलं, आता जावयाच्या नावाने.' माझं ऊन होतं ते. एकदा तरी माझं म्हणून अंगावर घ्यावंसं वाटलं." तिने फिकट पदर पुढे धरला. "तळाशी बाबांचं आहे, ते राहील, असं धरून चालले होते. तळाशी काहीच नव्हतं."

"माझं केव्हाच संपलं होतं," शास्त्रीबुवा म्हणाले. "तुझं ऊन पहिल्या दिवसापासून माझ्याहून जास्त टिकायचं. मला ते सोसलं नाही, पोरी."

दुर्गी अंगणात धावली. सूर्यावर नजर रोखून तिने हात पुढे केले. भांडं नाही, मंत्र नाही. ओंजळ भरून आली. कृष्णरावांना गच्चीवरचं आपलं रितं भांडं आठवलं. शरच्चंद्राने मान खाली घातली.

ती बाजेपाशी आली. "बाबा, घ्या."

"कोणाचं हे?"

"माझं."

"जावयाचं म्हण. म्हणजे घेतो."

"हट्ट सोडा हो!" यमुनाबाईंनी त्यांचे पाय धरले.

दुर्गीच्या बोटांच्या फटींतून ऊन गळून बाजेवर सांडत होतं. श्रीपाद पुढे झाला, "दुर्गाबाई, म्हणा ना. माझं काय जातंय?"

"माझं आहे, बाबा," ती म्हणाली.

म्हाताऱ्याने तोंड फिरवलं.

वैशाख शुद्ध द्वादशीला, सूर्य माथ्यावर असताना, भगवंतशास्त्री धार मुक्कामी वारले.