दव झाडलेली जागा

हे मी कुठे वाचलेलं नाही, कोणाकडून ऐकलेलंही नाही.

गेल्या वर्षी पौषातल्या एका पहाटे, वाणगावच्या पूर्वेला, बंद पडलेल्या गोल्फच्या मैदानावर हे माझ्यासमोर घडलं.

आधी तो शेवटचा साधा दिवस सांगते.

रविवार होता. मी पालघरहून घरी आले होते. बाबा ओट्यावर बसून बांबूच्या लांब काठीला तेल लावत होता.

"तेजल, तू पेपर वाचतेस. यंदा तरी भरल का गं स्पर्धा?"

आतून आई म्हणाली, "अहो शेठ, मैदानात म्हशी चरतात. त्यांनाच खेळवा!"

"म्हशी बऱ्या, पारू. सांगितलेलं ऐकतात तरी."

आई हसली. मी म्हणाले, "बघू, बाबा."

दुसऱ्या दिवशी पहाटे तो नेहमीसारखा मैदानावर गेला.

परत आला नाही.

गुराख्यांना तो गवतात पडलेला सापडला. हृदय थांबलं होतं. काठी हातातच होती. ती आम्ही त्याच्या चितेवर ठेवली.

बाबा त्या मैदानावर माळी होता. मी लहान असताना इथल्या कारखानदारांनी तिथे व्यावसायिक खेळाडूंची स्पर्धा सुरू केली. दर हिवाळ्यात चार दिवस. सुरुवातीला मोजकेच लोक आले. मग परदेशी खेळाडू, तंबू, टीव्हीचे कॅमेरे. पाड्यावरची माणसं कुंपणाबाहेर उभी राहून हळू टाळ्या वाजवायला शिकली.

चेंडू ज्या भोकात जातो, त्याभोवतीची बारीक कापलेली हिरवळ म्हणजे ग्रीन. शेवटची ग्रीन बाबाकडे होती. दव असलं की चेंडू अडतो. म्हणून तो उजाडायच्या आधी लवलवती काठी गवतावरून फिरवून दव झाडायचा.

सर्र... सर्र...

मैदानाचे मोठे साहेब येऊन "जिव्या, झालं, आता सोड" म्हणेपर्यंत ग्रीन सोडायची नाही, असा नियम होता. चपला घालून तिच्यावर पाय ठेवायचा नाही, हा दुसरा.

मग पैसे देणारे एकेक करून मागे सरले. एका वर्षी "पुढच्या वर्षी नक्की" म्हणत तंबू उतरवले गेले. मैदान रानाने गिळलं. बाबा मात्र ती एक ग्रीन विळ्याने कापत राहिला. दर थंडीत दव झाडत राहिला.

स्पर्धा कायमची बंद झाल्याची बातमी मी कॉलेजात असताना वाचली होती. बाबाला वाचता येत नव्हतं.

त्याचे दिवस होऊन गेले. त्यानंतर एका पहाटे मला जाग आली.

सर्र...

शेजारची सोमीकाकू अंगण झाडत असेल, असं वाटलं. दार उघडलं. तिचं अंगण रिकामं होतं.

एकही कुत्रं भुंकत नव्हतं.

सर्र... सर्र...

आवाज मैदानाकडून येत होता.

मी चालत गेले. गुडघ्यापर्यंतच्या गवताने साडी भिजली. दवाने सगळं मैदान पांढरं दिसत होतं.

ग्रीन सोडून.

तिच्यावर कोरडे, हिरवे पट्टे होते. एकाला एक लागून, सरळ. बाबा काढायचा तसे.

गुरं नव्हती. माणूस नव्हता. पावलांचा एक ठसा नव्हता.

सर्र...

माझ्या डोळ्यांदेखत आणखी एक पट्टा कोरडा झाला. कडेपर्यंत आला. वळला. परत गेला.

मला भीती वाटायला हवी होती. पण मनात आलं, हा दमला असेल. याला सांगायला कोणी आलेलंच नाही.

तो आवाज त्या दिवसापुरताच होता का, हे मला ठाऊक नाही. मी पुन्हा तिकडे गेलेले नाही. यंदा थंडी पडल्यापासून आई पहाटे कानांवरून गोधडी ओढून घेते. का, ते ती सांगत नाही. मीही विचारत नाही.

त्या पहाटे मी चपला काढल्या. ग्रीनवर पाय ठेवला. गवत खरंच कोरडं होतं.

"बाबा," मी मोठ्याने म्हणाले, "स्पर्धा कधीच बंद झाली. मला माहीत होतं. तुझं तोंड बघून सांगवलं नाही. आता कोणी येणार नाही."

सर्र...

आणि मग काहीच नाही.

"ग्रीन छान झालीय, बाबा. झालं. आता सोड."