सोनीबाईचा खलबत्ता

हे सन २०११ मधलं. दसरा होऊन चार दिवस झाले होते. जागा आर्णी, बसस्टँडमागचं जीवनचं कॉम्प्युटरचं दुकान. वेळ रात्रीची नाही, भर दुपारची.

ज्यांना हसायचं असेल त्यांनी हसावं. आधी जीवनही हसलाच होता...

रंजिताने पिशवीतून हार्ड डिस्क काढली. तिच्यावर हळदीकुंकू वाळलेलं.

मेलेला उंदीर धरावा तशी जीवनने ती दोन बोटांत धरली. "मशीनची पूजा केली? पाणीबी शिंपडलं असन!"

"दसऱ्याले सगळ्याच हत्याराची करतो ना, जीवनदादा. अन् हिच्यात तर दादीचा आवाज आहे."

दादी म्हणजे रंजिताची आजी, सोनीबाई. त्याच उन्हाळ्यात वारली. बंजाऱ्यांच्या तांड्यावर नवरी सासरी निघताना एकेकाच्या गळ्यात पडून ढावलो गाते, रडत रडत. जुने ढावलो शेवटी एकट्या सोनीबाईलाच येत. रंजिताने ते रेकॉर्ड करून ठेवले होते. दिवाळीनंतर तिचं लग्न होतं, अन् अर्धे शिकायचे राहिले होते.

जीवन त्याच तांड्यावरचा. नागपूरला दोन वर्षं काय राहून आला, ऐट अशी की कॉम्प्युटर यानेच पेरला अन् यानेच वेचला.

"तुम्ही लोकं कधी सुधरत नाही," तो म्हणाला. "एका म्हातारीच्या रडण्यापायी माही दुपार खराब."

त्याने केबल बदलली. दुसऱ्या पोर्टला लावून पाहिली. शेवटी कव्हर उघडून आतली डिस्क सरळ कॉम्प्युटरला जोडली.

टक... टक... टक.

"आतलं हेड अडकून राह्यलं. गेली हे."

रंजिताने कान डिस्कजवळ नेला.

सोनीबाईच्या तोंडात दात नव्हता. दिवसभर ती लोखंडी खलबत्त्यात सुपारी कुटायची. दोन ठोके, मग दम, मग तिसरा.

टक... टक...

...टक.

जीवनने रिकव्हरीचं सॉफ्टवेअर लावलं. एक टक्का. दोन टक्के.

"त्यापेक्षा फॉरमॅट मारतो. डीजेचे गाणे भरून देतो, लग्नात कामी येतीन!"

तेवढ्यात लाइट गेली.

पंखा थांबला. यूपीएस दोनदा ओरडून बंद पडला. स्क्रीन काळी.

टक... टक...

...टक.

जीवनने वायर उपटली. डिस्क हातात घेतली.

हातातच... टक.

दुकानात ओल्या सुपारीचा वास आला. जीवनने डिस्क टेबलावर टाकली अन् हात पँटला पुसला. लाइट येईपर्यंत दोन तास दोघं दुकानाबाहेर पायरीवर बसले.

लाइट आली. डिस्क त्यानंतर कोणत्याच कॉम्प्युटरने ओळखली नाही. पण जीवनच्या स्क्रीनवर एक फोल्डर आलं होतं. सगळे ढावलो.

रंजिताने रेकॉर्ड केले होते सतरा.

फोल्डरमध्ये अठरा.

अठरावा लावला. आधी जीवनचाच आवाज... "एका म्हातारीच्या रडण्यापायी माही दुपार खराब."

दुकानात माईक नव्हता.

मग खलबत्ता. मग सोनीबाई.

"जीवन्या, मायच्या मातीले आला नाहीस. अन् माह्या रडण्याले हसतं? थू!"

अन् तिने जीवनच्या मेलेल्या आईच्या नावाने ढावलो धरला...

रंजिताने फोल्डर पेनड्राइव्हवर नेलं, अन् लग्नात सतराही ढावलो गायली. आता ती राळेगावकडे असते, पोरी तिच्याकडे शिकायला येतात. जीवनने महिन्यात दुकान मोडलं. वणीला कोळशाच्या ट्रकांच्या गेटवर बसतो. सुपारीचा वास आला की उठून जातो. डिस्क रंजिताच्या देवघरात आहे. दसऱ्याला हळदीकुंकू लागतं, पाणी नाही.

अठरावा ढावलो मात्र पूर्ण कोणी ऐकलेला नाही.

जीवनच्या आईचं झाल्यावर सोनीबाई खाकरते. दोन ठोके मारते, दम घेते, अन् दुसऱ्या कोणाला तरी हाक मारायला लागते...

ते नाव येण्याआधीच रंजिता बंद करते.